आधी भरण्याचे बूच



मागील लेखांकात आम्ही जुन्या शालेय पुस्तकांविषयी चार शब्द लिहिले. त्यावर एका वाचकभगिनीने गोड तक्रार केली, की मास्तर सदानकदा फळा-खडूच्याच गोष्टी सांगतात. घरातल्या मुलांना ज्यात रस वाटेल असेही काही लिहावे. तक्रार रास्त आहे. आपल्या पुष्कळ घरांतील तरुण मंडळी आता वाळवंटात हिंडण्यासाठी जुन्या जीपगाड्या विकत घेतात, आणि आईबाप काळजी करीत बसतात. म्हणून या वेळी एका मोटारगाडीविषयी लिहितो. अखेरीस फळा-खडू आलाच तर तो आमचा दोष नव्हे, पेशाचा आहे.

२०२४ च्या नोव्हेंबरअखेर आम्ही संयुक्त अरब अमिरातीत गेलो होतो. आमच्या धाकट्या भगिनीचे कुटुंब ठाण्यासच राहिले. तिचा मुलगा दुबईत संगणकाच्या कामावर आहे आणि घरभाडे परवडावे म्हणून शारजास राहतो. २ डिसेंबर हा त्या देशाचा राष्ट्रदिन. १९७१ साली याच दिवशी अमिरातींचे संघराज्य स्थापन झाले. त्यानिमित्त जोडून सुट्ट्या होत्या. भाच्याने बेत आखला, की रविवारी पहाटे निघून सहकुटुंब लिवास जावयाचे, वाळूच्या टेकड्यांत दोन रात्री तंबू ठोकून राहावयाचे आणि मंगळवारी परतावयाचे. मामांनी रुब-अल-खालीची कड पाहिली पाहिजे, असा त्याचा आग्रह. रुब-अल-खाली म्हणजे अरबस्तानचे ते विस्तीर्ण रिकामे वाळवंट.

या वाळवंटात मोटार ही गोष्ट फार जुनी नाही. १९४६ ते १९४८ या काळात विल्फ्रेड थेसिजर या इंग्रज प्रवाशाने बदूंच्या सोबतीने ते ओलांडले, ते उंटावरून. चारही चाकांना जोर देणारी विलायती लँड रोव्हर गाडी १९४८ सालीच ॲम्स्टरडॅमच्या प्रदर्शनात प्रथम लोकांसमोर आली. १९५१ साली शारजात इंग्रजांच्या हुकमतीखाली जी स्थानिक पलटण उभी राहिली, तिच्या गस्ती अशाच गाड्यांतून होऊ लागल्या. पुढे जपानी टोयोटाची लँड क्रूझर आली, निसानची पेट्रोल आली, आणि उंटाची जागा त्यांनी पुरती घेतली. लँड क्रूझरच्या मागे उघडा हौदा असलेल्या प्रकारास तेथील लोक 'शास' म्हणतात आणि खजुराच्या बागेपासून लग्नाच्या वरातीपर्यंत सर्वत्र ती नेतात. आपणां मराठी माणसांस या जातीच्या गाडीची ओळख तितकीच जुनी आहे. महिंद्र कंपनीने १९४७ पासून मुंबईत विलिस जीपची जुळणी सुरू केली, आणि कोकणच्या लाल रस्त्यांवर मामलेदाराची, डॉक्टरची आणि निवडणुकीची जीप आपल्यापैकी कोणी पाहिली नाही?

भाच्याची गाडी लँड क्रूझरच्या 'सत्तर' मालिकेतली, वीसेक वर्षांची, दुसऱ्या हातची. ही मालिका १९८४ साली निघाली व तिचा सांगाडा आजही साधा, दणकट आणि खोलता येण्याजोगा आहे. पुढील दोन चाकांमध्ये एक अखंड पोलादी आस, तिच्या पोटात दंतचक्रांची पेटी, आणि दोन्ही टोकांस चाक वळविणारे मोठे गोलाकार सांधे, अशी तिची पुढील बाजूची रचना असते. चाक वळलेले असतानाही त्यास जोर पोहोचतो तो या सांध्याच्या पोटातून.

आता मुख्य गोष्ट. १६ एप्रिल २०२४ रोजी अमिरातीत असा पाऊस कोसळला, की १९४९ पासूनच्या नोंदींत त्यास तोड नाही. अल ऐनजवळील खत्म अल शकला येथे चोवीस तासांच्या आत २५४ मिलिमीटर पाऊस झाला. आपल्या कोकणात आषाढात एवढ्या पावसाचे कौतुक नसते. परंतु ज्या शहरांत पाणी वाहून नेण्याची फारशी सोयच नाही, तेथे हाहाकार उडाला. शारजाच्या कित्येक वस्त्यांत पाणी दिवसचे दिवस साचून राहिले. भाच्याची गाडी घराखाली चाकांच्या मध्याच्याही वर पाण्यात उभी होती. ओसरल्यावर त्याने ती एका गॅरेजात नेली. तेथे ती धुतली गेली, इंजिनाचे तेल बदलले गेले, आणि 'काही झालेले नाही' असा दाखला मिळाला. पुढे साडेसात महिने ती चालली. वेग वाढला की समोरून एक बारीक घरघर येई. परंतु वाळूत चालणाऱ्या जाड दात्यांच्या टायरांचा आवाजच तसा असतो, असे समजून भाचा निश्चिंत होता.

शुक्रवारी सकाळी, निघण्यापूर्वी एकदा दाखवून घ्यावी म्हणून, कोणा मित्राने सुचविलेल्या एका मिस्त्रींकडे आम्ही गेलो. शारजाचा औद्योगिक विभाग म्हणजे मोटारींचे एक अजब नगर आहे. एका गल्लीत गाड्या दुरुस्त होतात, तर शेजारच्या गल्लीत त्या कायमच्या खोलल्या जातात: दरवाजांची थप्पी, इंजिनांची रांग, आरशांचा ढीग, आणि हे सारे खोक्यांतून दूरदूरच्या देशांस रवाना होते. हत्यारे दोन्हीकडे तीच. खोलणारे हातही पुष्कळदा एकाच गावचे.

मिस्त्री श्रीवर्धन तालुक्यातील मुसलमान घराण्यातले, वयाने आमच्याच बरोबरीचे. आमचे आडनाव ऐकताच, त्यातील 'कर' ओळखून, त्यांनी हातातला पाना खाली ठेवला. "म्हणजे मास्तर, तुम्ही शनिवारतेली!" त्यांच्या आजीच्या तोंडी हा शब्द होता म्हणे. आपल्या पूर्वजांच्या घाण्याचे नाव समुद्रापलीकडे एका ग्रीसने माखलेल्या माणसाच्या मुखातून ऐकावे, यातील गंमत वाचकांच्या ध्यानी येईलच. त्यांची बोली कागदावर जशीच्या तशी उतरविणे आम्हांस साधणार नाही. त्यांचे म्हणणे तेवढे सांगतो.

प्रथम त्यांनी गाडीची पुढील बाजू पाण्याच्या जोरदार फवाऱ्याने धुवून घेतली. भाच्यास वाटले, हा वेळेचा अपव्यय. मिस्त्री म्हणाले, "वाळू बाहेर आहे तोवर ती वाळू, आत गेली की कानस." नंतर चाकांचे नट गाडी जमिनीवर असतानाच थोडे ढिले केले, मागील चाकांना उटी लावली, जॅकने पुढील बाजू उचलली आणि आसेखाली दोन भक्कम घोड्या दिल्या. नुसत्या जॅकवर उभ्या असलेल्या गाडीखाली त्यांनी आपल्या पोरांनाही हात घालू दिला नाही.

मग दंतचक्रांच्या पेटीतील तेल काढावयाचे होते. पेटीस दोन बुचे असतात: खालचे तेल सोडण्याचे, वरचे तेल भरण्याचे. भाचा उत्साहाने खालच्या बुचास पाना लावू लागला. मिस्त्रींनी त्याचा हात धरला. "आधी भरण्याचे बूच. ते निघते याची खात्री झाली, की मग रिकामे करायचे." कारण उघड आहे. जुने बूच गंजून बसलेले असते. तेल सोडून दिले आणि वरचे बूच निघालेच नाही, तर गाडी ना चालविण्याजोगी, ना भरण्याजोगी. आम्ही हे वाक्य तेथेच वहीत टिपून घेतले.

खालचे बूच निघाले तेव्हा तेल आले ते तेलाच्या रंगाचे नव्हे, तर दूध घातलेल्या कॉफीच्या रंगाचे. तेलात पाणी घुसळले गेले की असा रंग येतो. या पेटीस श्वास घेण्यासाठी वर एक लहान नळी असते. गाडी चालून आस तापली, आतली हवा फुगली, की ती नळीवाटे बाहेर पडते. तीच तापलेली आस एकाएकी गार पाण्यात बुडाली की आतील हवा आकसते आणि बाहेरचे काहीतरी आत ओढू पाहते. नळी वाळूने बुजलेली असेल तर ती ओढ रबरी सीलांच्या कडांवर पडते व तेथून पाणी आत शिरते. भाच्याची नळी बुजलेली होती. शिवाय गाडी दिवसचे दिवस पाण्यात उभी, म्हणजे मुरावयास वेळ भरपूर.

एवढे दिसल्यावर चाकाच्या टोकापासून सर्व खोलणे प्राप्त झाले. चाक निघाले. ब्रेकचा जबडा सोडवून तो तारेने वर टांगला, रबरी नळीवर लोंबकळू दिला नाही. चाकाच्या मध्यावरील टोपण, त्याखालची कडी, मग शंकूच्या आकाराच्या त्या घट्ट बसलेल्या वायसरी. त्या उचकटून निघत नाहीत. पितळी दांडा टेकवून हातोडीचा एक नेमका ठोका दिला की आपण होऊन सुटतात. पितळ कशासाठी? ते पोलादाहून मऊ, म्हणून मार बसला तरी वळ उठतो तो पितळेवर, यंत्रावर नव्हे. त्यानंतर बाहेरचा नट, दुमडलेल्या कानांचा वायसर, आतला नट, आणि त्यामागे बेअरिंग. शेवटी आतील आस ओढून काढली तेव्हा गोलाकार सांध्यातून ग्रीस नव्हे, काळे सार बाहेर आले.

निघालेली प्रत्येक वस्तू मिस्त्री एका स्वच्छ चादरीवर डावीकडून उजवीकडे, निघाली त्या क्रमाने मांडीत होते. सांध्याच्या वर आणि खाली पातळ पत्र्याच्या चकत्या असतात. त्यांची जाडी केसाएवढी, परंतु वरची खाली गेली किंवा डावीकडची उजवीकडे गेली तर चाकाचा सांधा बिघडतो. त्या त्यांनी चार निरनिराळ्या पुड्यांत बांधून प्रत्येकीवर खूण केली. भाचा आपल्या फोनवर प्रत्येक टप्प्याचे छायाचित्र घेत होता. मिस्त्रींनी ते पाहून मान डोलावली. "आमच्या वेळी हे डोक्यात ठेवावे लागे," म्हणाले. नमाजाची वेळ झाली तेव्हा त्यांनी चादरीवर दुसरी चादर पांघरली आणि मगच हात धुतले. शेजारच्या गल्लीत वस्तूंवर कोणी चादर घालीत नाही. तेथे काहीच परत जोडावयाचे नसते.

परतल्यावर त्यांनी बेअरिंगे रॉकेलात धुवून आमच्या हाती दिली. "मास्तर, फिरवून बघा." आम्ही फिरविले. नजरेस काही विशेष दिसले नाही. बोटांस मात्र बारीक खरखर जाणवली, जणू पाटीवर रेघ ओढावी. मग त्यांनी ज्या पोलादी कड्यात हे रोलर फिरतात ते कडे उजेडात धरले. त्यावर सारख्या अंतराने काळपट रेघा उमटल्या होत्या, बरोबर दोन रोलरांमध्ये असावे तेवढ्या अंतराच्या. गाडी पाण्यात उभी असताना प्रत्येक रोलर जेथे टेकला होता, तेथे तेथे गंजाने आपली सही केली होती. पुढे साडेसात महिने त्या रेघांवरून रोलर धावले. एका बाजूस पोलाद तापून निळसर पडले होते. मिस्त्री म्हणाले, "ही गाडी चालून खराब झालेली नाही. भिजून उभी राहिली आणि कोणी उघडून पाहिले नाही, म्हणून खराब झाली."

बाजारात चौकशी झाली. अस्सल बेअरिंगांचा संच सुट्ट्या संपल्यावर, बुधवारी मिळणार होता. जवळच्या एका दुकानात तसाच दिसणारा स्वस्त संच होता. मिस्त्रींनी खोके उलटसुलट करून पाहिले, अक्षरे पुसट छापलेली पाहिली आणि परत केले.

येथे आम्हांस एक कबुली द्यावयाची आहे. भाच्याचा चेहरा उतरला. मुलांनी आठवडाभर बोचकी बांधून ठेवली होती. त्याची रजा मंगळवारीच संपत होती. आमचे परतीचे विमान गुरुवारचे. तो म्हणाला, "उस्ताद, साडेसात महिने चालली, आणखी तीन दिवस चालेल. जुनीच ग्रीस भरून बसवा. परत आल्यावर बदलू." आणि आम्ही, ज्यांनी तीस वर्षे मुलांना 'आजचे काम उद्यावर टाकू नका' असे शुद्धलेखनास घातले, त्या आम्ही भाच्याची बाजू घेतली. आम्ही वयाचा आणि गावच्या नात्याचा हवाला दिला. दुप्पट मजुरी देऊ केली, हे लिहितानाही संकोच वाटतो.

मिस्त्रींनी शांतपणे ऐकून घेतले. मग म्हणाले, "मास्तर, गाडी तुमची. चादरीवर सगळे क्रमाने आहे. दुसऱ्या कोणाकडून बसवून घ्या, मी पाने देतो. माझ्या हाताने हे बंद होणार नाही. बंद केल्यावर आत काय आहे ते मला माहीत असणार, त्या पोरांना नसणार."

कोणी काही बोलले नाही. लिवाचा रस्ता तीनशे किलोमीटरांहून अधिक, आणि त्याचा मोठा भाग ताशी शंभराहून जास्त वेगाने धावावयाचा. निळे पडलेले बेअरिंग अशा वेगात जाम झाले, तर चाक आपल्या जागी राहील याची हमी कोणी देऊ शकत नाही. मागच्या आसनावर नऊ आणि सहा वर्षांची दोन मुले बसावयाची होती. भाच्याने चादरीकडे पाहिले आणि फोन खिशात ठेवला. "बुधवारी येतो," एवढेच म्हणाला.

लिवा राहिले. मुले रडली, आणि दुसऱ्या दिवशी समुद्रकाठी नेल्यावर विसरली. बुधवारी भाचा कामावरून परस्पर गॅरेजात पोहोचला, आम्हीही गेलो. नवे कडे पितळी दांड्याने चहूबाजूंनी थोडे थोडे ठोकून बसविणे, तळहातावर ग्रीस घेऊन ती बेअरिंगच्या रोलरांमधून वर येईपर्यंत दाबून भरणे, नट आवळताना चाकाचा तुंबा सतत फिरवीत राहणे, मग थोडा ढिला करून पुन्हा बेताने आवळणे आणि लहान ताणकाट्याने ओढून तो किती जोराने फिरू लागतो हे मोजणे. शेवटी वायसरचे कान दुमडणे, म्हणजे नट आपण होऊन सुटणार नाही. यातले तळहातावरचे ग्रीस भरण्याचे काम मिस्त्रींनी भाच्याकडून करवून घेतले. त्याचे वडील, आमचे मेहुणे, माटुंग्याच्या रेल्वे वर्कशॉपात हयातभर फिटर होते. त्यांच्या हाताच्या रेघांत काळे तेल कायम बसलेले असे. 'माझ्या मुलाचे हात स्वच्छ राहावेत' हीच त्यांची इच्छा होती, आणि ती देवाने पुरी केली. त्या दिवशी मनगटापर्यंत माखलेले ते हात पाहून मेहुण्यांना काय वाटले असते, हे आम्ही सांगू शकत नाही. भाचा मात्र घरी जाईपर्यंत ते हात निरखीत होता.

मिस्त्रींनी मजुरी नेहमीचीच घेतली. दुप्पट देऊ केल्याचा त्यांनी उच्चारही केला नाही.

आता वाचकांच्या घरातील तरुणांसाठी, मिस्त्रींच्या शब्दांत मिळालेले काही नियम देतो. एक: गाडी पाण्यातून गेली, विशेषतः पाण्यात उभी राहिली, तर इंजिनाच्या तेलावर समाधान मानू नका, दोन्ही आसांचे तेल काढून त्याचा रंग पाहा. दुधाळ असेल तर चाकांची बेअरिंगेही उघडा. दोन: आसेची श्वासनळी साफ ठेवा, आणि शक्य तर लांब नळी जोडून तिचे तोंड बॉनेटखाली उंचावर न्या. तीन: बुचाच्या चुंबकावर पोलादाची बारीक काळी लापशी असणे स्वाभाविक आहे, खपल्या किंवा तुकडे असणे नव्हे. चार: बेअरिंग बदलावयाचे तर त्याचे कडेही त्यासोबत बदला, जोडी तोडू नका, आणि निरनिराळ्या जातींच्या ग्रीसची सरमिसळ करू नका. पाच: नवी बेअरिंगे बसविल्यावर काही शे किलोमीटर धावून झाले की चाक उचलून हलवून पाहा, नव्या वस्तूही थोड्या बसतात. सहावा नियम आम्ही शीर्षकातच दिला आहे.

आणि अखेर फळा-खडू येतोच. आमच्या उमेदीच्या काळात आमच्या वर्गात एक मुलगा होता. त्यास अपूर्णांक येत नसत. परीक्षेच्या सुमारास घोकंपट्टी करवून आम्ही त्यास वरच्या इयत्तेत ढकलले. दाखला स्वच्छ, अक्षर वळणदार, वर्गाचा निकाल चांगला. पुढे दोन वर्षांनी बीजगणिताशी गाठ पडताच त्याची शाळा सुटली. तेव्हा आम्ही म्हणालो होतो, मुलगा ढ होता. आता त्या कड्यावरच्या रेघा आठवल्या की वाटते, मुलगा भिजून उभा होता. आम्ही त्यास वरून धुतले आणि 'काही झालेले नाही' असे लिहून दिले.

ज्या गॅरेजाने भाच्याची गाडी नुसती धुऊन दिली, त्यास आम्ही मनातल्या मनात पुष्कळ दूषणे दिली होती. ती आम्ही आता परत घेतली आहेत.

भाच्याचे पत्र नुकतेच आले. पुढच्या हिवाळ्यात लिवास जाण्याचे ठरले आहे. मुलांची बोचकी म्हणे अजून तशीच बांधलेली आहेत.